कांगोरीच्या डोंगरावर

आपल्या घरांतून डोंगर चढण्याची सवय असते ती यात्रेच्या निमित्ताने. गिरनारच्या पायऱ्या मी दोनदा चढले आहे. शत्रुंजयाची यात्रा लहानपणी आजीचा हात धरून झाली. मांगी-तुंगीला एका चैत्रात भर उन्हात जाऊन आले. परंतु ज्या डोंगरावर आपले दर्शन नाही, धर्मशाळा नाही, परतल्यावर कोणाला सांगण्यासारखा प्रसंग नाही, तिथे कशासाठी जायचे, हा प्रश्न आमच्या माहेरी कधी कोणी विचारलाच नाही. महाडच्या बाजारपेठेत आमच्या किराणा दुकानाच्या तीन पिढ्या गेल्या. घराच्या गच्चीवरून पूर्वेला सह्याद्रीची निळी रांग दिसते. त्या रांगेत कांगोरीचा डोंगर कोणता, हे बोट दाखवून सांगता येईल असे आमच्यात कोणीही नव्हते.

आणि तरीही आमचे घर त्या डोंगरांवरच चालत होते. वडिलांच्या काळी महाड व पोलादपूर तालुक्यांच्या वरच्या वाड्यांतून माणसे डोक्यावर ओझी घेऊन पेठेत उतरत. हिरडा, शिकेकाई, नाचणी, वरी असा माल ओट्यावर उतरे आणि मीठ, गूळ, घासलेट, सुकी मिरची वर जाई. त्यांतील हिरडा विशेष. औषधाला आणि चामडे कमावण्याला त्याची मागणी असे, आणि आमच्या आजोबांच्या आठवणीत तो माल बाणकोटच्या खाडीतून येणाऱ्या गलबतांवर चढून मुंबईला जाई. सावित्री नदीला महाडपर्यंत भरतीचे पाणी चढते, म्हणूनच तर हे गाव समुद्रापासून इतके आत असूनही बंदर झाले. मध मात्र आमच्या दुकानात घेतला जात नसे. मधाचा डबा घेऊन आलेल्या माणसाला वडील नम्रपणे पुढच्या दुकानी पाठवीत आणि त्याच्या हातावर गुळाचा खडा ठेवीत. डोंगराशी आमचा संबंध हा असा, तागडीच्या एका पारड्यापुरता होता.

२२ जुलै २०२१ रोजी तो संबंध बदलला. त्या रात्री सावित्रीचे पाणी पेठेत शिरले आणि तळमजले बुडवून वर चढले. धाकटा भाऊ, वहिनी व मुले वरच्या माळ्यावर अंधारात बसून जिन्याच्या किती पायऱ्या उरल्या हे मोजत होती. मी पुण्यात फोन हातात धरून बसले होते, आणि फोन लागत नव्हता. पाणी ओसरले तेव्हा दुकानात गुडघाभर चिखल होता. साखरेची पोती रिकामी झाली होती, डाळींना मोड आले होते, आणि वडिलांच्या हातच्या जुन्या चोपड्यांचा लगदा झाला होता. महाबळेश्वरला त्या २४ तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस झाल्याचे नंतर वाचले. त्याच २२ तारखेला महाड तालुक्यातील तळिये गावावर डोंगर कोसळला व ऐंशीहून अधिक माणसे गेली. पोलादपूरकडे केवनाळे आणि सुतारवाडी येथेही दरडींनी माणसे नेली. आमचे नुकसान मालाचे होते. ते सांगताना अजूनही संकोच वाटतो.

त्या दिवाळीत भावाने दुकान पुण्याला हलवण्याचा विषय काढला. २००५ चा पूर त्याने पाहिला होता, हा दुसरा. तिसऱ्याची वाट पाहायची का, असा त्याचा प्रश्न होता, आणि त्याला उत्तर देण्याचा अधिकार पुण्यात सुरक्षित राहणाऱ्या बहिणीला नव्हता. मी गप्प राहिले.

याच सुमारास एक गोष्ट घडली. चोपड्या गेल्या म्हणजे उधारी गेली, असे आम्ही धरून चाललो होतो. परंतु एकेक करून काही माणसे दुकानी आली आणि आपल्या नावावर किती होते ते स्वतःच सांगून गेली. सगळी आली नाहीत. न आलेल्यांपैकी काहींची चौकशी करण्याचे धैर्य आम्हाला झाले नाही. आलेल्यांत कांगोरीच्या पायथ्याच्या एका वाडीतील साठी उलटलेले एक गृहस्थ होते. त्यांचे वडील आमच्या वडिलांकडे हिरडा घालीत. बाकी देऊन झाल्यावर ते ओट्यावर टेकले, भिंतीवरची पाण्याची खूण त्यांनी निरखून पाहिली आणि भावाला म्हणाले, “शेठ, तुमी निसतं खालचं पानी बघता. येकदा वर या. पानी कुठनं येतं त्ये तरी बघा.”

पुढल्या डिसेंबरात आम्ही दोघे गेलो.

महाडहून बिरवाडीच्या रस्त्याने औद्योगिक वसाहत मागे टाकली की हवा बदलते. तास-सव्वा तासात पिंपळवाडीच्या बाजूला पोहोचता येते. तेथून पुढे पायवाट. घरून निघताना वहिनीने गाळलेल्या पाण्याच्या बाटल्या, दशम्या आणि कोरडी चटणी बांधून दिली होती. सूर्य मावळण्याच्या आत खाली उतरून जेवण उरकायचे, असा बेत होता. डिसेंबरचा दिवस लहान, त्यामुळे आम्ही पहाटेच निघालो होतो. वाडीत पोहोचलो तेव्हा दहापैकी सहा घरांना कुलूप होते. या सहा घरांतील माणसे मुंबईला असतात, गणपतीला आणि शिमग्याला येतात. आमचे वाटाडे अंगणात वाट पाहत होते. भावाकडे पाहून ते हसले आणि त्यांनी त्याच्या हातात एक काठी दिली. मला म्हणाले, “ताई, तुमी मधे चाला.”

वाटेच्या सुरुवातीला वरकस जमिनीचे उतार लागतात. भाताचे रोप करण्यापूर्वी जमीन भाजण्याची जी राबाची पद्धत कोकणात आहे, तिच्यासाठी तोडलेले ऐन आणि किंजळ येथे उभे आहेत. फांद्या वर्षानुवर्षे छाटल्याने त्यांचे नुसते खांब झाले आहेत. हे दृश्य पाहून शहरातला माणूस चटकन हळहळतो. मीही हळहळले. वाटाडे म्हणाले की छाटलेला ऐन मरत नाही, पुन्हा फुटतो. ज्या उतारावरची झाडे मुळासकट गेली, रस्त्यासाठी किंवा घरांसाठी जिथे डोंगराचा पाय कापला, ती जागा निराळी. ती त्यांनी उतरताना दाखवली, त्याविषयी पुढे सांगेन.

अर्ध्या तासाने रान दाट झाले. हिरडा, जांभूळ, अंजन, मध्येच एखादा प्रचंड आंबा. खाली वाळक्या पानांचा इतका जाड थर की पाय टाकला की आतून ओलसर वास येई. नोव्हेंबर उलटून गेला होता, खाली महाडात धूळ उडत होती, आणि येथे माती अजून ओली होती. शेकरूचे घरटे आम्ही पाहिले, शेकरू मात्र दिसले नाही. शिळेच्या आडोशाला कारवीचे दाट बन होते. सात वर्षांनी एकदा फुलणारे हे झुडूप. वाड्यांतील घरांच्या भिंती अजून तिच्या काठ्यांनी उभारतात, वर शेणमातीचा लेप देतात. भाऊ या सगळ्यांतून मान खाली घालून, धापा टाकत चालला होता. पन्नाशी गाठलेल्या, गल्ल्यावर बसून आयुष्य काढलेल्या माणसाला ही वाट सोपी नव्हे. मला त्याची काळजी वाटू लागली होती, तोच त्याने एका हिरड्याखाली थांबून खाली पडलेले फळ उचलले, नखाने खरवडले, वास घेतला आणि प्रत सांगितली. वाटाडे खूश झाले. हिरडा झाडावर कसा असतो हे माझ्या भावाने त्या दिवशी प्रथमच पाहिले, पण फळाची पारख त्याला वडिलांनी दिलेली होती.

रान संपते आणि कातळ सुरू होतो. आपण ज्याला सह्याद्री म्हणतो तो सारा अग्निजन्य खडकाचा आहे, हे शाळेत वाचलेले असते. मग डोंगर पाहताना मनात एक खोटे चित्र उभे राहते, की शिखराच्या टोकाला कधीकाळी ज्वालामुखीचे तोंड असेल. तसे काही येथे नव्हते. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूपृष्ठाला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून शिलारस पाण्यासारखा पसरत गेला. एक थर थिजला की काही काळाने त्यावर दुसरा. अशा थरांवर थर साचून प्रचंड जाडीचे पठार बनले. पुढे कोट्यवधी वर्षे पावसाने व नद्यांनी ते पठार पश्चिमेकडून कोरत नेले. झिजता झिजता जे उभे उरले त्याला आज आपण कांगोरी म्हणतो, रायगड म्हणतो, प्रतापगड म्हणतो. डोंगर उभा केला आगीने हे खरे, पण त्याला आकार पाण्याने दिला आहे.

एक गोष्ट वाचून मला विशेष नवल वाटले होते. १९८० च्या दशकात भूशास्त्रज्ञांनी या थरांची रासायनिक तपासणी करून त्यांचे गट पाडले आणि गटांना गावांची नावे दिली. त्यांत खालून वर जाताना ‘पोलादपूर’, त्यावर ‘आंबेनळी’, त्यावर ‘महाबळेश्वर’ असा क्रम येतो. पोलादपूर एस्टी स्थानकावरून महाबळेश्वरची गाडी धरली की आंबेनळी घाट लागतो आणि माथ्यावर महाबळेश्वर येते. म्हणजे त्या गाडीत बसलेला प्रवासी याच नावांच्या क्रमाने वर जातो. जगभरच्या भूशास्त्राच्या ग्रंथांत पोलादपूरचे नाव छापले जाते, हे पोलादपूरच्या किती लोकांना ठाऊक असेल! आपले मांगी-तुंगीही याच थरांच्या कातळात कोरलेले. गिरनारचे कूळही तेच, मात्र तो शिलारस वर न येता जमिनीखालीच सावकाश थिजला, म्हणून तेथील दगड भरड व फिका आहे आणि येथील बारीक, काळा, हातोडी मारल्यास घंटेसारखा वाजणारा.

प्रत्येक थराचा खालचा भाग भरीव असतो आणि वरचा सच्छिद्र, कारण थिजताना वायूचे बुडबुडे वर येऊन अडकतात. दोन थरांच्या मध्ये कोठे कोठे तांबड्या मातीची पट्टी असते. भरीव भागाचे कडे बनतात, सच्छिद्र भाग झिजून त्याच्या पायऱ्या बनतात, म्हणून आपले डोंगर असे जिन्यासारखे दिसतात. पाणी भरीव कातळातून झिरपू शकत नाही. ते भेगांतून उतरते, तांबड्या पट्टीवर किंवा सच्छिद्र थरात थबकते आणि आडवे वाहून कड्याच्या पोटातून झऱ्याच्या रूपाने बाहेर येते. जुन्या लोकांनी गडावर टाकी खोदली ती कातळात पाणी साठते हे ओळखूनच.

अडीच-तीन तासांत आम्ही माचीवर आलो. माचीवर कांगोरीचे देऊळ आहे. वाटाड्यांनी नारळ वाढवला, आम्ही हात जोडून बाजूला बसलो. समोर कातळातले पाणी, त्यात आकाश. बालेकिल्ल्यावर घरांचे चौथरे, पडकी तटबंदी आणि आणखी टाकी. गडाची उंची अडीच हजार फुटांच्या आसपास, म्हणजे महाबळेश्वरच्या तुलनेत किरकोळ. पण चहूबाजूंनी सुटा असल्याने नजर अडत नाही.

हा किल्ला जावळीच्या मोऱ्यांचा. १६५६ मध्ये शिवाजी महाराजांनी जावळी घेतली तेव्हा तो स्वराज्यात आला आणि त्याचे नाव मंगळगड झाले. नाव मंगळ, पण पुढे त्याचा उपयोग बंदिवान ठेवण्यासाठी झाला. १८१७ मध्ये पेशवे आणि इंग्रज यांच्यात युद्ध पेटले, तेव्हा उरुळीजवळ पकडलेले हंटर व मॉरिसन हे दोन तरुण इंग्रज अधिकारी येथे आणून ठेवले होते. येथून त्यांना वासोट्याला नेले, आणि १८१८ च्या एप्रिलमध्ये तो गड पडल्यावर त्यांची सुटका झाली. त्याच वर्षी कर्नल प्रॉथरने कांगोरीही घेतला. मला त्या दोन पोरांचे वाटले. चहूकडे असे रान, खाली उतरायला एकच वाट, आणि भाषा न समजणारे पहारेकरी. त्यांच्या जागी पहारेकऱ्यांचाही विचार करावा. त्यांना या गडावर कोणी कैदी केले नव्हते, तरी पावसाळ्याचे चार महिने तेही येथून हलू शकत नसतील.

वरून सारे दिसले. वायव्येला रायगड, दक्षिणेला प्रतापगड आणि खोगिरासारखा मकरंदगड, आग्नेयेला महाबळेश्वरचे आडवे पठार, उत्तरेला वरंध घाटाच्या रांगा. त्या रांगांच्या कुशीत तळिये. वाटाड्यांनी तिकडे हात केला आणि लगेच खाली घेतला. पश्चिमेला, डोंगरांच्या बेचक्यात, महाडचा खोलगट भाग धुरकट दिसत होता.

भाऊ बराच वेळ उभा राहिला. मग त्याने काठीच्या टोकाने जमिनीवर रेघा ओढायला सुरुवात केली. ही सावित्री, महाबळेश्वरच्या कड्यावरून पोलादपूरकडे उतरणारी. ही काळ नदी, वरंधच्या बाजूचे पाणी गोळा करणारी. ही रायगडच्या अंगाची गांधारी. तिन्ही रेघा एका ठिकाणी आल्या आणि त्याने तेथे एक खडा ठेवला. “आपलं दुकान,” तो म्हणाला. खालून समुद्राची भरती, वरून हे सारे डोंगर. वाटाडे उकिडवे बसून पाहत होते. त्यांनी त्यात आणखी दोन ओढे काढले, ज्यांची नावे आम्ही कधी ऐकली नव्हती.

उतरताना त्यांनी ती जागा दाखवली. एका जुन्या घसरणीची तांबूस जखम उतारावर उघडी होती. वर हात-दीड हात मुरूम-माती, खाली गुळगुळीत कातळ, आणि दोहोंच्या सांध्यातून, भर डिसेंबरात, पाण्याची पातळशी धार. पावसात माती पाणी पिऊन जड होते, कातळ पाणी आत घेत नाही, मग सांध्यावर पाण्याचा दाब वाढतो आणि वरचा थर सरकतो. भूशास्त्रज्ञ जे आकृत्या काढून सांगतात ते येथे बोट घालून पाहता येते. शेजारच्या उतारावर जुने रान शाबूत होते आणि मुळे कातळाच्या भेगांत शिरलेली दिसत होती. रान असले की डोंगर कधी सरकत नाही, असे मात्र मी लिहिणार नाही. २०२१ च्या पावसात झाडांसकट उतार गेले आहेत. २००५ च्या जुलैत दासगाव, जुई, रोहन, कोंडिवते या गावांवर दरडी आल्या, तेव्हाही कारणे एकाहून अधिक होती. पाऊस अफाट असतो, उतार तीव्र असतो, घरे नेमकी पाणी असलेल्या जागी, म्हणजे सांध्याच्या तोंडाशीच वसलेली असतात, कारण माणसाला झरा हवा असतो. तरी ज्या उताराचा पाय कापलेला आहे त्याखाली आपले घर असावे असे मला वाटत नाही.

“मग तुम्ही इथे का राहता?” भावाने विचारले. प्रश्न उद्धट नव्हता. तो स्वतःलाच विचारत असलेला प्रश्न त्याने दुसऱ्याला विचारून पाहिला. वाटाडे थोडे चालून गेले, मग म्हणाले, “आमची वाडी धोंडीवर हाय, मातीवर न्हाय. आज्यानं बघून बांधली. पन पाऊस जास्ती झाला की पोरांना शाळंत नेऊन झोपवतो.” शाळेची इमारत कातळाच्या सपाटीवर आहे, हेही त्यांनी सांगितले.

चार वाजता खाली आलो. त्यांच्या अंगणात दशम्या सोडल्या. घरातून तांदळाची भाकरी आणि वालाची उसळ आली, कांद्या-लसणाशिवाय मुद्दाम वेगळी केलेली, कारण ‘शेठांकडचं’ त्यांना बापाच्या काळापासून माहीत होते. सूर्य रानामागे टेकत होता तेव्हा आम्ही हात धुतले.

ज्यांना जावेसे वाटेल त्यांनी डिसेंबर ते फेब्रुवारी या काळात जावे, स्थानिक माणूस बरोबर घ्यावा, पिण्याचे पाणी पुरेसे न्यावे. पावसाळ्यात मुळीच जाऊ नये. चातुर्मासात एका जागी राहण्याची जी रीत आपल्या साधु-साध्वींनी पाळली, ती या मुलखात तरी गृहस्थांनीही पाळण्यासारखी आहे.

दुकान अजून महाडातच आहे. पुण्याचा विषय मिटला असे नाही, वहिनीने तेथील एक गाळा पाहून ठेवला आहे. भावाने साखर-डाळीची फळी छातीच्या वर नेली, चोपड्या माळ्यावर नेल्या, आणि भिंतीवरची पाण्याची खूण रंगाऱ्याला झाकू दिली नाही. दरवर्षी जूनच्या पहिल्या आठवड्यात तो वाटाड्यांच्या फोनमध्ये स्वतःहून पैसे भरतो. वर सलग कोसळू लागले की ते फोन करतात, रात्री-अपरात्रीही. गेल्या जुलैत मी माहेरी होते. पहाटे तीनला फोन वाजला. भावाने ऐकून घेतले, भरती किती वाजता आहे ते भिंतीवरच्या दिनदर्शिकेत पाहिले, आणि खाली जाऊन दिवा लावला. मी जिन्यावरून पाहिले तेव्हा तो गुळाच्या ढेपा एकेक करून वर देत होता, आणि भाचा त्या घेत होता.